मारेकऱ्यांचे दफ्तर, बायकांची साक्ष

जून १८४५. अल्जीरियाच्या किनाऱ्यालगतचा दाहराचा डोंगराळ मुलूख. फ्रेंच कर्नल पेलिसिएची फौज उलेद रियाह टोळीच्या मागावर होती. टोळीतली माणसे बायकापोरे, गुरेढोरे, होते नव्हते ते सामान घेऊन डोंगरातल्या गुहेत शिरली. पिढ्यान्‌पिढ्या संकटात आसरा देणारी ती जागा. शरणागतीची बोलणी झाली आणि फिसकटली. तेव्हा पेलिसिएने गुहेच्या तोंडाशी लाकूडफाट्याच्या मोळ्या रचून पेटवल्या आणि रात्रभर आग विझू दिली नाही. सकाळी शिपाई आत गेले तेव्हा माणसे आणि जनावरे एकमेकांत गुंतून पडलेली होती. मेलेल्यांचा आकडा कोणी पाचशे सांगतो, कोणी हजाराच्या वर नेतो.

पेलिसिएने या सगळ्याचा अहवाल लिहिला. तोही त्रोटक सरकारी नव्हे, तर चांगला तपशीलवार. तो पॅरिसला पोहोचला, वरिष्ठ सभागृहात त्यावरून गदारोळ झाला, वर्तमानपत्रांनी झोड उठवली. दोन महिन्यांनी सेंत-आर्नो नावाच्या दुसऱ्या कर्नलने जवळच्याच भागात दुसरी टोळी गुहेत कोंडली. पॅरिसमधला गोंधळ त्याने पाहिलेला होता. त्याने गुहेची सगळी तोंडे बुजवली, सरकारदरबारी गवगवा होऊ दिला नाही आणि आत पाचशे माणसे पुरल्याचे भावाला खासगी पत्रात कळवले. दोघेही पुढे फ्रान्सचे मार्शल झाले.

या घटनेला एकशे चाळीस वर्षे झाल्यावर, १९८५ साली, एका अल्जीरियन कादंबरीकर्तीने ‘लामूर, ला फांतासिया’ या पुस्तकात दोन्ही प्रसंग शेजारी शेजारी मांडले आणि वाचकाला अडखळवणारी गोष्ट केली. तिने पेलिसिएचे जवळजवळ आभारच मानले. त्याला माफ केले असे मुळीच नाही. पण त्याने लिहून ठेवले. त्याने प्रेते बाहेर उजेडात आणवली, त्यांच्याकडे पाहिले आणि जे पाहिले ते कागदावर उतरवले. सेंत-आर्नोच्या गुहेतली माणसे मात्र मेलीही आणि बुजलीही.

या लेखिकेचे नाव आसिया जेबार. त्यांच्याबद्दल लिहिताना ‘स्त्रीची अस्मिता’, ‘दोन संस्कृतींमधली घुसमट’ अशा शब्दांची रास पडते. ते शब्द खोटे नाहीत, पण त्यात त्यांचा खरा पिंड हरवतो. जेबार शिक्षणाने इतिहासकार होत्या आणि कादंबरी लिहितानाही त्या आधी दफ्तर उघडत. जेत्याचा कागद किती पिळला तर त्यातून जितांचा आवाज गळेल, हा त्यांचा आयुष्यभराचा प्रश्न होता.

जन्म ३० जून १९३६, शेर्शेलचा. अल्जीयर्सच्या पश्चिमेला रोमन अवशेषांवर वसलेले हे बंदर. मूळ नाव फातिमा-झोहरा इमलाएन. वडील ताहर फ्रेंच शाळेत मास्तर. अरब मुलांना फ्रेंच शिकवणारे अरब मास्तर, ही तेव्हा दुर्मीळ गोष्ट. बरोबरीच्या मुली वयात येताच घराच्या चार भिंतींत गेल्या. ही मुलगी ब्लीदाच्या वसतिगृहात राहून शिकली आणि मग अल्जीयर्समधल्या ‘लिसे ब्यूजो’मध्ये गेली. ब्यूजो म्हणजे कोण, तर १८४५ साली अल्जीरियाचा गव्हर्नर जनरल. गुहेत लपणाऱ्यांना धुरी देण्याची सूचना पेलिसिएला ज्याच्याकडून मिळाली, तो. त्याच्या नावाच्या शाळेत शिकून ती १९५५ साली सेव्ह्रच्या ‘एकोल नोर्माल स्युपेरिअर’मध्ये दाखल झाली. तिथवर पोहोचलेली ती पहिली अल्जीरियन स्त्री. (स्वातंत्र्यानंतर त्या लिसेला ब्यूजोचा कट्टर शत्रू अमीर अब्देलकादर याचे नाव दिले गेले. इतिहासालाही विनोदाचे अंग असते.)

१९५६ मध्ये अल्जीरियन विद्यार्थी संघटनेने संपाची हाक दिली. तिने परीक्षेवर बहिष्कार टाकला आणि त्या मोकळ्या दिवसांत एक कादंबरी लिहून काढली. ‘ला स्वाफ’ १९५७ साली आली. घरच्यांना कळू नये म्हणून टोपणनाव घेतले, ते कायमचे चिकटले. स्वातंत्र्ययुद्धात देश पेटलेला असताना एका तरुणीच्या प्रेमाच्या आणि देहाच्या गोष्टी कसल्या लिहितेस, अशी टीका तेव्हा झाली. पुढे ट्यूनिसला राष्ट्रवादी मुखपत्र ‘एल मुजाहिद’साठी सीमेवरच्या निर्वासितांच्या मुलाखती घेणे, रबातला इतिहास शिकवणे, १९६२ साली स्वतंत्र अल्जीयर्समध्ये परतणे, १९६७ पर्यंत आणखी तीन कादंबऱ्या, हे सगळे भराभर झाले. मग कथा-कादंबऱ्यांच्या बाबतीत तब्बल तेरा वर्षांची शांतता. मला हा काळ त्यांच्या लेखनातला सर्वांत महत्त्वाचा वाटतो, कारण याच काळात त्या ऐकायला शिकल्या.

आधी कागदांकडे. १८३० च्या जूनमध्ये फ्रेंच आरमार अल्जीयर्ससमोर उभे राहिले आणि ५ जुलैला शहर पडले. जेबार मोजून सांगतात की या स्वारीचे वर्णन ३७ प्रत्यक्षदर्शींनी छापले. वेढलेल्यांच्या बाजूचे त्यात अगदी मोजके. बाकी सारे आलेले. सेनापती, खलाशी, हुजरे, ज्याला त्याला लिहायची घाई. त्या ढिगाऱ्यात बार्शू नावाच्या एका अधिकाऱ्याने जाता जाता दोन बायकांची नोंद केली आहे. लढाईनंतर रणांगणावर सापडलेल्या दोघी. एक फ्रेंच शिपायाच्या प्रेताशेजारी मरून पडली होती, त्याचे काळीज तिने उपटून काढले होते. दुसरीने पळता पळता आपल्या तान्ह्याचे डोके दगडाने ठेचले. शत्रूच्या हाती जिवंत लागू नये म्हणून. बार्शूला पुढच्या मजकुराची घाई होती. जेबार मात्र तिथेच थांबतात. नावगाव नसलेल्या या दोघी त्यांच्या लेखी त्या युद्धातल्या पहिल्या वीरांगना आहेत, आणि त्यांची साक्ष द्यायला शत्रूखेरीज कोणी उरलेले नाही.

पुस्तकाच्या शेवटाकडे आणखी एक असा तुकडा आहे. १८५२ च्या डिसेंबरात लाघुआत हे वाळवंटी गाव फ्रेंचांनी रक्तबंबाळ करून घेतले. पुढच्या वर्षी चित्रकार युजेन फ्रोमांतँ तिथे गेला आणि त्याला धुळीत एका अनाम स्त्रीचा तुटलेला हात सापडला. त्याने तो उचलला, मग वाटेत टाकून दिला. जेबार लिहितात की तो हात आपण उचलून घेतो आणि त्याला बोरू धरायला लावू पाहतो. एरवी अशी प्रतिमा मला नाटकी वाटली असती. पण पानामागून पाने शत्रूच्या कागदांतून फिरल्यावर ती कमावलेली वाटते.

आता दुसरी बाजू. १९७५-७६ मध्ये जेबार कॅमेरा आणि ध्वनिमुद्रक घेऊन आईच्या मुलखात, शेनुआ डोंगरातल्या खेड्यांत गेल्या. स्वातंत्र्ययुद्धात क्रांतिकारकांना भाकरी पुरवलेल्या, घरे जळालेल्या, भाऊ-नवरे गमावलेल्या बायकांना त्यांनी बोलते केले. त्यातून ‘ला नुबा दे फाम द्यु मों शेनुआ’ हा चित्रपट झाला. अल्जीरियन दूरचित्रवाणीच्या या निर्मितीला १९७९ साली व्हेनिसमध्ये समीक्षकांचा पुरस्कार मिळाला. तो अर्पण केला आहे दोघांना: हंगेरियन संगीतकार बेला बार्तोक, जो १९१३ साली लोकसंगीत गोळा करत अल्जीरियात आला होता, आणि झुलिखा, शेर्शेलची भूमिगत कार्यकर्ती, जिला फ्रेंचांनी १९५७ साली पकडून मारले आणि जिचे प्रेत घरच्यांना मिळाले नाही. तिच्यावरची कादंबरी यायला मात्र २००२ साल उजाडले.

त्या बायकांची बोली ‘लामूर’च्या तिसऱ्या भागात उतरली आहे. सजवणूक नाही, हळहळ नाही. शिपाई आले, घर जाळले, आम्ही पुन्हा छप्पर घातले, पुन्हा जाळले. शेरिफा नावाची तेरा वर्षांची मेंढपाळ मुलगी भावाला डोळ्यांदेखत गोळी लागलेली पाहते, झाडात लपून राहते आणि नंतर त्याच्या प्रेताशी परत येते. १८४५ चा अहवाल आणि ही साक्ष एकाच पुस्तकात आली की वाचणाऱ्याच्या लक्षात येते, की शंभर वर्षांत बंदुका बदलल्या, गावे तीच राहिली.

इथे एक अडचण आहे आणि जेबार ती लपवत नाहीत. बायका बोलल्या अरबीत आणि बर्बरमध्ये, पुस्तक आहे फ्रेंचमध्ये. ज्या फौजेने गुहा पेटवली त्या फौजेची भाषा. ती त्यांना दिली वडिलांनी, मोठ्या प्रेमाने. त्याच वडिलांनी त्या सतरा वर्षांच्या असताना एका विद्यार्थ्याचे पत्र फाडून टोपलीत टाकले; मजकूर एवढाच होता, की आपण पत्रव्यवहार करावा का. मुलीने तुकडे गोळा करून जुळवले आणि वाचले.

याच वडिलांचा आणखी एक प्रसंग मराठी वाचकाला वेगळा समजावून द्यावा लागणार नाही. शेर्शेलच्या बायका नवऱ्याचे नाव घेत नसत. ‘ते’ म्हटले की पुरे, जसे आपल्याकडे ‘हे’. आई फ्रेंच शेजारणींशी मोडकेतोडके फ्रेंच बोलू लागली आणि हळूहळू नवऱ्याचा उल्लेख नावाने करू लागली. पुढे वडील प्रवासाला गेले आणि त्यांनी घरी कार्ड पाठवले, ते थेट बायकोच्या नावाने. उघडे कार्ड, पोस्टमनपासून कोणाच्याही हाती पडणारे, आणि त्यावर बायकोचे नाव! नात्यातल्या बायकांनी तोंडात बोटे घातली. जेबारांच्या लेखी आईवडिलांचे एकमेकांवरचे प्रेम जाहीर झाले ते त्या दिवशी. थोड्याच पानांचा हा मजकूर. पण वसाहतीच्या भाषेने काय मोडले आणि काय मोकळे केले, हे अनेक जाडजूड ग्रंथांपेक्षा त्यातून जास्त कळते.

स्वातंत्र्याने बायकांना काय दिले, यावर जेबारांचे मत कडवट होते. १९८० चा कथासंग्रह त्यांनी देलाक्रवाच्या ‘अल्जीयर्सच्या स्त्रिया’ या १८३४ च्या चित्राचे नाव घेऊन लिहिला. युद्धात बॉम्ब वाहणाऱ्या, तुरुंगात छळ सोसलेल्या बायका पुन्हा त्याच बंद दालनात कशा आल्या, असा त्यातला सवाल आहे. त्याचे उत्तर संसदेने दिले: १९८४ चा कुटुंब कायदा. लग्न, घटस्फोट, वारसा या बाबतींत स्त्री पुन्हा पुरुषाच्या पालकत्वाखाली. ‘लामूर’ पुढच्याच वर्षी आली, हे वाचताना ध्यानात ठेवावे.

नव्वदच्या दशकात अल्जीरियात लेखक-कलावंत टिपून मारले जाऊ लागले. मारले गेलेल्यांत जेबारांचे जवळचे तीन मित्र होते: मानसोपचारतज्ज्ञ बुसेब्सी, समाजशास्त्रज्ञ बुखोब्झा आणि नाटककार अब्देलकादर अलूला. ‘ल ब्लां द लाल्जेरी’ हे १९९६ चे पुस्तक त्यांच्या आठवणीत लिहिलेले. तोवर त्या बहुतांशी देशाबाहेरच होत्या. पुढे अमेरिकेत लुइझियाना आणि न्यूयॉर्कच्या विद्यापीठांत शिकवत राहिल्या.

१६ जून २००५ रोजी त्यांची फ्रेंच अकादमीवर निवड झाली. मघरेबमधून, म्हणजे वायव्य आफ्रिकेतून, आलेले हे पहिलेच नाव. याच वर्षीच्या फेब्रुवारीत फ्रान्सने एक कायदा केला होता. शाळांनी समुद्रापारच्या, विशेषतः उत्तर आफ्रिकेतल्या फ्रेंच राजवटीची ‘सकारात्मक भूमिका’ शिकवावी, असे त्यातले एक कलम सांगत होते. ओरड झाल्यावर पुढच्या वर्षाच्या सुरुवातीला ते मागे घेतले गेले. जून २००६ मध्ये अकादमीतल्या स्वागतसमारंभात जेबारांनी पाहुण्याचा संकोच न ठेवता वसाहतवादाला प्रचंड मोठी जखम म्हटले. अल्जीरियात काहींनी त्यांना फितूर ठरवले, फ्रान्समध्ये काहींना त्या कृतघ्न वाटल्या. दोन्हीकडच्यांनी पुस्तके वाचली असती तर दोन्ही आरोप करणे अवघड गेले असते.

२००७ चे शेवटचे पुस्तक सर्वांत अवघड आहे. ‘न्युल पार दां ला मेझों द मों पेर’, म्हणजे वडिलांच्या घरात कुठेच नाही. शाळेच्या अंगणात सायकल शिकणाऱ्या चार-पाच वर्षांच्या मुलीला वडील रागाने आत बोलावतात, कारण तिचे पाय दिसतात. आणि १९५३ च्या ऑक्टोबरात अल्जीयर्समध्ये, ठरलेल्या नवऱ्याशी भांडण झाल्यावर, वडिलांना कळले तर काय, या भीतीने सतरा वर्षांची ती ट्रामसमोर झोकून देते. चालकाने वेळेत ट्राम थांबवली. ‘लामूर’मध्ये हा प्रसंग काही ओळींत उरकलेला होता; तो पूर्ण लिहायला पन्नासहून अधिक वर्षे गेली. ६ फेब्रुवारी २०१५ रोजी पॅरिसमध्ये त्या वारल्या आणि शेर्शेलला त्यांचे दफन झाले. नव्या वाचकाने मात्र या शेवटच्या पुस्तकापासून सुरुवात करू नये. ‘लामूर’चा डोरोथी ब्लेअर यांनी ‘फँटेशिया’ या नावाने केलेला इंग्रजी अनुवाद आहे. तो आधी वाचावा, आणि दाहराच्या गुहेचे प्रकरण एका बैठकीत.