आठवडा आकाशात दिसत नाही

दिवस कळायला सूर्य पुरतो. महिना चंद्रावरून मोजता येतो, वर्ष ऋतूंवरून. आठवड्याला मात्र आकाशात कुठलीच खूण नाही. मंगळवारची सकाळ आणि बुधवारची सकाळ यांत चिमणीला फरक कळत नाही, तीन वर्षांच्या मुलालाही नाही. आठवडा माणसांनी ठरवला आणि तोंडातोंडी टिकवला. म्हणून तो मुलांपर्यंत पोचतो तो सांगण्यातून: गाण्यातून, गोष्टीतून आणि गेल्या शतकभरात चित्रांच्या पुस्तकांतून. या पुस्तकांना आपण ‘वार शिकवणारी’ म्हणून कोपऱ्यात ठेवतो. मला ती बालसाहित्यातली फार अवघड कामगिरी वाटते, कारण जे दाखवता येत नाही ते त्यांना दाखवायचं असतं.

वारांचा क्रम आला तो ग्रहांच्या होऱ्यांवरून. शनी, गुरू, मंगळ, रवी, शुक्र, बुध, चंद्र अशी ग्रहांची जुनी उतरंड. दिवसाच्या चोवीस होऱ्यांना हे ग्रह ओळीने वाटून द्यायचे आणि पहिल्या होऱ्याचा जो स्वामी, त्याच्या नावाचा तो वार. शनिवारचे चोवीस होरे संपले की पंचविसावा येतो रवीचा, म्हणून शनिवारनंतर रविवार. मध्य प्रदेशातल्या एरण इथल्या बुधगुप्त राजाच्या स्तंभलेखात इ. स. 484 मधला गुरुवार नोंदलेला आहे. भारतीय शिलालेखांतला वाराचा हा अगदी जुना उल्लेख. हे गणित कुठल्याही मुलाला सांगून कळणार नाही. त्याच्यापुढे उरते ती सात नावांची यादी. मुलं आठवड्याची यादी आधी घोकतात आणि त्याचं मनातलं चित्र पुष्कळ नंतर तयार होतं, असं मानसशास्त्रज्ञ विल्यम फ्रीडमन यांच्या अभ्यासांतून दिसलं. सोमवार, मंगळवार, बुधवार असं धडाधड म्हणणारं मूल ‘गुरुवारच्या आदला वार कोणता?’ म्हटल्यावर अडतं. तिथे पुस्तकाचं काम सुरू होतं.

ते काम एरिक कार्ल यांच्याइतकं नेमकं कुणी केलं नाही. ‘द व्हेरी हंग्री कॅटरपिलर’ 1969 साली आलं. कार्ल पंचिंग यंत्राने कागदांच्या गठ्ठ्याला भोकं पाडत होते. त्या भोकांवरून त्यांना पुस्तकातला किडा सुचला, आणि विली नावाच्या किड्याचा एक आठवडा असं पुस्तक मनात आलं. संपादक अ‍ॅन बेनेड्यूस यांना किडा रुचला नाही. सुरवंट का नको, असं त्यांनी विचारलं, आणि कार्ल यांना लगेच फुलपाखरू दिसलं. पण भोकांची आणि कमीजास्त रुंदीची पानं परवडेल अशा दरात छापून देणारं कुणी अमेरिकेत मिळेना. बेनेड्यूस यांनी जपानमध्ये छपाई जमवली. आज साठाहून अधिक भाषांत गेलेल्या पुस्तकाची ही सुरुवात.

त्या पानांची रुंदी नीट पाहण्यासारखी आहे. सोमवारचं पान अरुंद, त्यावर एक सफरचंद. मंगळवारचं थोडं रुंद, दोन नासपती. बुधवारी तीन आलुबुखार, गुरुवारी चार स्ट्रॉबेऱ्या, शुक्रवारी पाच संत्री. पुस्तक उघडलं की पाचही वार एकामागून एक डोकावताना दिसतात. मूल सोमवारवर बोट ठेवतं तेव्हा शुक्रवार पुढे उभा असतो. ‘आदला’ आणि ‘नंतरचा’ त्याला बोटाने चाचपता येतात. घोकलेल्या यादीला इथे जागा मिळते, लांबी मिळते.

शनिवारी सगळं ताळतंत्र सुटतं. केक, आइस्क्रीम, लोणच्याची काकडी, चीज, सॉसेज, कलिंगड, एकूण दहा पदार्थ आणि मग पोटदुखी. पाच दिवसांची शिस्त आणि एक बेशिस्त शनिवार हे मुलांना न सांगता कळतं. दुसऱ्या दिवशी हिरवं पान खाऊन सुरवंटाला बरं वाटतं, आणि तो वार असतो रविवार. सुरवंट अंड्यातून बाहेर आला तोही रविवारीच. एका छोट्या पुस्तकात रविवार दोनदा येतो आणि आठवडा फिरून येतो हे मुलाला शब्दाविना समजतं. वारांच्या कितीतरी पुस्तकांत सातव्या दिवशी पडदा पडतो. मूल गोल फिरत नाही, रांगेच्या टोकाशी उभं राहतं.

कार्ल यांच्या चुकीचा गवगवा झाला तो कोशामुळे. फुलपाखराच्या कोशाला जो शब्द हवा त्याऐवजी त्यांनी पतंगाच्या रेशमी कोशाचा शब्द वापरला. त्यांनी तो बदलला नाही. लहानपणी वडील त्यांना कोशातून बाहेर ये म्हणत, तोच शब्द त्यांना हवा होता. या वडिलांची कथा ऐकली की तो हट्ट पटतो. कार्ल 1929 साली न्यूयॉर्क राज्यातल्या सिरॅक्यूज गावी जन्मले. सहाव्या वर्षी आईवडिलांबरोबर जर्मनीत श्टुटगार्टला गेले, वडील पुढे सैन्यात ओढले गेले आणि रशियात युद्धकैदी झाले. सिरॅक्यूजच्या शाळेतले मोठे कागद आणि रंग मागे राहिले, नव्या शाळेत छडी होती. हवेत तेवढे रंग त्या माणसाने पुढे आयुष्यभर कागदावर ओतले.

एड यंग यांचं ‘सेव्हन ब्लाइंड माइस’ (1992) वेगळ्या वाटेने जातं, आणि त्याचं मूळ आपल्याकडचं आहे. हत्ती आणि आंधळ्यांची गोष्ट पाली ‘उदान’ ग्रंथात आहे. यंग यांनी आंधळ्यांच्या जागी सात रंगांचे सात उंदीर आणले आणि प्रत्येकाला एक वार दिला. सोमवारी लाल उंदराला खांब सापडतो, तोही लाल. मंगळवारी हिरव्याला साप, तोही हिरवा. काळ्याभोर पानावर कातरलेल्या कागदाचे हे तुकडे झगझगीत दिसतात. रविवारी पांढरा उंदीर हत्तीच्या अंगावर सगळीकडे धावून येतो आणि हत्ती पुरा होतो. सहा दिवसांत सहा अर्धवट मतं आणि सातव्या दिवशी त्यांची जुळणी, अशी आठवड्याची कल्पना मला दुसरीकडे आढळली नाही.

जर्मन लेखक पॉल मार यांच्या ‘आइने वोखे फोलर झाम्सटागे’ (1973) मध्ये वारांची नावंच एकेक करून खरी होतात. गुरुवारच्या जर्मन नावात गडगडाट दडलेला आहे, तर त्या दिवशी गडगडतं. आणि शनिवारी झाम्स नावाचा खोडकर प्राणी अवतरतो. लॉरा इंगल्स वाइल्डर यांच्या 1932 सालच्या ‘लिटल हाउस इन द बिग वुड्स’मध्ये वार म्हणजे काम: सोमवारी धुणं, गुरुवारी लोणी काढणं, शनिवारी पाव भाजणं. घरात काय चाललंय यावरून मुलीला वार कळतो.

आपल्याकडे हेच काम श्रावणाने केलं. सोमवारची खुलभर दुधाची कहाणी, मंगळागौरीची, बुध-बृहस्पतीची, शुक्रवारी जिवतीची, संपत शनिवारची, रविवारी आदित्यराणूबाईची. सात वारांना सात स्वभाव. आणि भिंतीवर जिवतीचा कागद: मांडीवर लेकरं घेतलेल्या जिवत्या, शनिवारचा नरसिंह, हत्तीवरचा बुध, वाघावरचा बृहस्पती. मुलांच्या आयुष्यासाठी पुजलेलं वारांचं हे चित्र मुलांच्या डोळ्यांसमोर महिनाभर असे, पण मुलांसाठी म्हणून ते कुणी काढलं नव्हतं. कार्ल यांच्याकडे क्रम आहे, कहाण्यांकडे स्वभाव. कहाणीतला बुधवार मंगळवारनंतर आला नाही तरी तिचं काही अडत नाही. म्हणून या कहाण्यांची ओळीने गुंफलेली, लहान मुलाच्या हाताला झेपेल अशी चित्रपोथी मराठीत व्हायला हवी असं मला मनापासून वाटतं.

तिच्यासाठी साहित्य शोधावं लागणार नाही. सोमवारी राजाने गावातलं सगळं दूध महादेवाच्या गाभाऱ्यात ओतवलं तरी गाभारा भरत नाही. म्हातारी लेकरांना आणि वासरांना पाजून उरलेलं खुलभर दूध वाहते आणि तो भरतो. पानाच्या तळाशी धार, वर काठोकाठ गाभारा, एवढंच चित्र. मंगळवारी फुगड्या आणि झिम्मा, म्हणजे गोल फिरणारं पान. आणि रविवारी आदित्यराणूबाईच्या कहाणीत तर भोकं आयतीच आहेत: होन-मोहरा भरलेला पोखरलेला कोहळा, पोखरलेली काठी, पोखरलेला नारळ. मुलं मावशीकडून एकेक घेऊन निघतात आणि वाटेत ते हातचं जातं. माळी होऊन, गुराखी होऊन सूर्यच ते काढून घेतो. त्या कोहळ्यात मुलाला बोट घालू द्यावं, मोहरा आहेत की नाहीत ते बघू द्यावं, आणि पान उलटून पुन्हा सोमवार आणावा.