भंवरकुआंच्या पाट्या आणि ठळक अक्षर

इंदूरच्या भंवरकुआं चौराह्यावर मान वर केली की कोचिंग क्लास आणि होस्टेलांच्या पाट्याच पाट्या. बहुतेकांचं अक्षर एकाच जातीचं: जाड, एकसारख्या रेघेचं. त्याला 'बोल्ड सॅन्स-सेरिफ' म्हणतात.

हे नाव रोमन लिपीतून आलेलं आहे. सेरिफ म्हणजे रोमन अक्षराच्या टोकांना असलेले बारीक पाय. ते नसलेला छापील टंक १८१६ च्या सुमारास लंडनमध्ये चौथ्या विल्यम कॅस्लनने नमुनापुस्तकात दाखवला. आपल्या अक्षरांना असे पाय नव्हतेच. आपल्याकडचा जाड-बारीकपणा तिरक्या कापलेल्या बोरूचा. म्हणून देवनागरीत 'सॅन्स' म्हणजे बोरूचा तो चढउतार काढून रेघ सगळीकडे सारखी करणं.

खरी अडचण 'बोल्ड' करताना येते. मी पेशाने इंजिनिअर, म्हणून पाइपचं उदाहरण देतो. बाहेरचा व्यास तोच ठेवून भिंत जाड केली की आतली पोकळी कमी होते. अक्षराचंही तसंच. त्यात आपल्याला शिरोरेषा, वर मात्रा-अनुस्वार, खाली उकार. तेवढ्याच उंचीत सगळं बसवायचं.

'भंवरकुआं' हेच नाव बघा ना. भ आणि म यांत फरक मुख्यतः शिरोरेषेतल्या तुटीचा आणि डावीकडच्या वळणाचा. रेघ फुगली की तूट बुजते, आणि लांबून 'मंवरकुआं' वाचलं जातं. काटेकोर हिंदीत दोन्हीकडे चंद्रबिंदू हवा, 'भँवरकुआँ'. पण जाड अक्षरात चंद्रकोर आणि ठिपका एकमेकांत मिसळतात, तिथे नुसता ठिपकाच सोयीचा पडतो. २०२१ मध्ये चौराह्याला टंट्या भील यांचं नाव देण्याची घोषणा झाली. त्यातही 'ट्या' हे जोडाक्षर आणि पुन्हा भ आहेच!

चांगला टंककार नुसती रेघ फुगवत नाही. तो गाठी उघड्या ठेवतो, गर्दीच्या जागी रेघ किंचित बारीक करतो. मुंबईच्या 'एक टाइप'चा 'मुक्ता' टंक सात वजनांत मिळतो, तो पाहावा. उलट, साध्या टंकाला संगणकावर बाहेरून किनार चढवली की सगळंच बुजतं.

आपल्यासारख्या स्थानिक इतिहासवाल्यांना याचं महत्त्व आहे. उद्या गावाच्या नावांचा पुरावा म्हणून याच पाट्यांचे फोटो वापरले जातील. तेव्हा फोटो जवळून घ्या, आणि नाव पाटीवर जसं आहे तसंच, ठिपक्यासकट, शेजारी लिहून ठेवा.