जंबूकाकांना सोबती का मिळाले नाहीत?

प्रभात फिल्म कंपनीचा लौकिक सांगताना ‘संत तुकाराम’चे नाव कोणीही घेतो, ‘जंबूकाका’ अभ्यासकांच्या टिपणांतच उरला. रघुनाथ केळकरांनी १९३४ साली प्रभातसाठी केलेला हा व्यंगचित्रपट. जंबुक म्हणजे कोल्हा, हे पंचतंत्र ऐकलेल्या मराठी मुलाला वेगळे सांगावे लागत नसे.

तो काळच तशा चित्रांचा होता. १९२८ च्या नोव्हेंबरात न्यूयॉर्कला डिस्नेचा ‘स्टीमबोट विली’ झळकला आणि चित्रातला उंदीर शीळ घालू लागला. पुढल्याच वर्षी ‘स्केलेटन डान्स’मध्ये सांगाडे तालावर नाचले. बोलपटाने चित्राचा वेग सेकंदाला २४ चौकटी असा बांधून टाकल्यामुळे संगीतकाराला व चित्रकाराला आधीच हिशेब मांडता येई. मिनिटाला १२० मात्रांची लय धरली, तर एका मात्रेला १२ चौकटी. म्हणजे त्रितालाचे एक आवर्तन १९२ चौकटींत, आठ सेकंदांत पुरे. समेवर पाय कोणत्या चित्रात पडणार, हे कागदावरच ठरे. बोटांवर मात्रा मोजणाऱ्या समाजाला ही विद्या परकी वाटण्याचे कारण नव्हते.

शिवाय प्रभातपाशी काय नव्हते? फत्तेलालांसारखे चित्रकार होते, ध्वनिलेखनाचे जाणकार दामले होते. गाणाऱ्या बालनटाचे वेडही प्रेक्षकांना होतेच. अहमदनगरचे (आजच्या अहिल्यानगरचे) शाहू मोडक १९३२ मध्ये ‘श्यामसुंदर’मध्ये कृष्ण झाले आणि तो बोलपट मुंबईत पंचवीस आठवडे चालला.

अडले ते खर्चापाशी. आठ मिनिटांच्या चित्रपटाला ११,५२० चौकटी लागतात. एक चित्र दोन चौकटींना वापरले, तरी रेखाटने ५,७६० उरतातच. एवढ्या श्रमातून मिळायचे काय, तर मुख्य बोलपटाआधीची काही मिनिटे! डिस्नेचे चित्र जगभर विकले जाई, त्यावर पगारी चित्रकारांची फौज पोसता येई. पुण्याच्या कंपनीला ते कुठून परवडावे?

१९५३ मध्ये प्रभात बंद पडली. प्रभातमध्येच घडलेल्या वसंत देसाईंनी मात्र १९७४ मध्ये विजया मुळे यांच्या ‘एक अनेक और एकता’ला संगीत दिले, आणि दूरदर्शनमुळे ते घरोघरच्या मुलांच्या तोंडी बसले. तेथे पैसा सरकारचा होता. तिकीटविक्रीचा धाक नव्हता.

आज तेवढ्या पैशाचीही गरज नाही. नगरच्या एखाद्या शाळेत चित्रकलेच्या व संगीताच्या शिक्षकांनी एकत्र बसावे. ४८ मुलांच्या वर्गात प्रत्येकाने दोन चित्रे काढली आणि ती भ्रमणध्वनीने टिपली, की त्रितालाचे एक आवर्तन पुरे होते.