सांडपाण्याच्या पाइपची गळती : घरच्या घरी दुरुस्ती

पिण्याच्या पाण्याचा नळ ठिबकू लागला की घरातील कोणीही पाना घेऊन उठतो. मोरीचा पाइप गळू लागला की मात्र माणसे वाट पाहतात. त्या पाण्याला हात लावणारा कोणी दुसराच असावा, ही समजूत जातिव्यवस्थेने आपल्याकडे फार खोल रुजवली आहे. वास्तविक हे काम सोपे आहे आणि ज्याच्या घरचे सांडपाणी त्यानेच ते करावे, हे उत्तम.

मोहेंजोदडोच्या उत्खननात भाजक्या मातीचे सांडपाण्याचे नळ सापडले. एका नळाचे निमुळते तोंड दुसऱ्यात बसवून ते जोडलेले असत. आजचा पीव्हीसी पाइपही असाच एकात एक बसतो आणि गळतो तोही बहुधा सांध्यावरच. सांगली-मिरजेकडील काळी माती पावसाळ्यात फुगते, उन्हाळ्यात भेगाळते. त्या ओढाताणीत जमिनीत पुरलेल्या पाइपचे सांधे ढिले होतात. साताऱ्याकडील मुरमाड उतारावर हा त्रास कमी.

ओल दिसते तेथेच गळती असेल, असे नाही. पाणी पाइपच्या अंगाने ओघळत खाली येते. म्हणून पाइप कोरडा पुसावा, प्रत्येक सांध्याभोवती वर्तमानपत्राची पट्टी गुंडाळावी आणि बेसिन भरून पाणी एकदम सोडावे. भिजलेल्या पट्ट्यांपैकी सर्वांत वरची जिथे असेल, तो सांधा दोषी.

बेसिनखालील वाकड्या नळीचा सांधा आट्यांचा असतो. खाली बादली ठेवून नट हाताने सोडवावा व चपटा झालेला रबरी वॉशर बदलावा. तेथे पाणी अडवतो तो वॉशर. आट्यांवर टेफ्लॉन टेपचे कितीही वेढे दिले तरी उपयोग नाही. नट हातानेच आवळावा. पान्याचा जोर लावल्यास प्लास्टिक तडकते.

चिकटवलेला सांधा झिरपत असेल तर पाण्याचा वापर थांबवून तो काचपेपरने घासावा आणि पूर्ण वाळू द्यावा. एम-सीलचे दोन्ही भाग समप्रमाणात, रंग एकजीव होईपर्यंत मळून सांध्याभोवती दाबावेत. ओल्या पाइपवर लेप धरत नाही. घाई नडते ती येथेच. पाइपला चीर गेली असल्यास त्याच मापाचा वीतभर तुकडा एका बाजूने उभा चिरावा, आतून सॉल्व्हेंट सिमेंट लावून चिरेवर चढवावा व तारेने बांधावा. हे सिमेंट ज्वालाग्राही असते. खिडकी उघडी ठेवावी, शेगडी विझवावी. चोवीस तासांनी पाणी सोडावे. जुना पाइप ॲस्बेस्टॉस सिमेंटचा असेल तर तो मुळीच घासू नये. ती धूळ फुफ्फुसांस घातक आहे.

गळती शौचालयाच्या टाकीत वा चेंबरमध्ये असेल तर घरगुती दुरुस्ती तेथे संपते. आत स्वतः उतरू नये, मजुरी देऊन दुसऱ्यालाही उतरवू नये. तेथील विषारी वायूने धडधाकट माणूस क्षणार्धात कोसळतो. संरक्षक साधनांविना माणूस टाकीत उतरवणे २०१३ च्या अधिनियमाने गुन्हा ठरवले आहे. मैला उपसणारी गाडी बोलवावी आणि तिचे भाडे भरावे.