मायेची निंदा : सोयगाव परिसराच्या निमित्ताने मातृविनोदाचा विचार

मराठी साहित्यातील आई ही प्रायः डोळ्यांत पाणी आणणारी आई आहे. यशवंतांची ‘आई’ ही कविता, साने गुरुजींचे ‘श्यामची आई’ (१९३५), त्यावर आचार्य अत्रे यांनी १९५३ साली काढलेला व राष्ट्रपतींचे सुवर्णपदक मिळविणारा चित्रपट, पुढे फ. मुं. शिंदे यांची ‘आई’ ही कविता. या परंपरेत मातृत्व हे त्याग, विरह आणि कारुण्य यांच्याशी कायमचे जोडले गेले. परिणामी लेकराची थट्टा करणारी, त्याला नावे ठेवून हसणारी आई समीक्षेच्या नजरेतून जवळजवळ निसटली. वास्तविक ‘श्यामची आई’मध्येही पोहण्याच्या भीतीने लपून बसलेल्या श्यामला शिंपटीने झोडून विहिरीकडे धाडणारी आई आहेच. पण त्या प्रसंगातील गंमत वाचकाच्या ध्यानात राहत नाही. संस्कार तेवढा राहतो.

लिखित साहित्यात जे अल्प आढळते ते मौखिक परंपरेत विपुल आहे. या दृष्टीने छत्रपती संभाजीनगर (पूर्वीचा औरंगाबाद) जिल्ह्यातील सोयगाव तालुका अभ्यासकाला सोयीचा ठरतो. अजिंठ्याच्या डोंगररांगेलगतचा हा प्रदेश १९४८ पर्यंत निजामी राजवटीत होता. शेजारचा खानदेश मात्र इंग्रजी अमलाखाली. राज्ये दोन असली तरी सोयरिकी, बाजार आणि बोली यांनी ती सीमा कधी मानली नाही. त्यामुळे येथील घरात मराठवाडी ‘लेकरू’ आणि खानदेशी ‘पोऱ्या’ एकाच ओसरीवर नांदतात. ना. धों. महानोर (१९४२–२०२३) याच तालुक्यातील पळसखेडचे. ‘रानातल्या कविता’ (१९६७) या संग्रहामुळे ते सर्वपरिचित झाले. परंतु त्यांनी ‘पळसखेडची गाणी’ या नावाने लोकगीतांचे संकलन केले, याकडे अध्यापकांचे लक्ष तुलनेने कमी जाते. पलीकडे, जळगावजवळच्या असोद्याच्या बहिणाबाई चौधरी (१८८०–१९५१). त्यांची गाणी पुत्र सोपानदेवांमुळे १९५२ साली ग्रंथरूपात आली. अक्षरओळख नसलेल्या आईची मिस्कील, तल्लख वाणी लेकाच्या लेखणीने टिकली, ही घटना मातृविनोदाच्या अभ्यासात केवळ चरित्रात्मक तपशील म्हणून सोडून देता येत नाही.

या विनोदाचे प्रमुख रूप निंदेचे आहे. ‘मेल्या’, ‘मुडद्या’, ‘द्वाड’, ‘कार्टं’, ‘गुलाम कुठला’ ही संबोधने शब्दकोशात अपशब्द ठरतील. आईच्या तोंडी ती लाडाची होतात. अलंकारशास्त्रात व्याजस्तुती सांगितली आहे: वरकरणी निंदा, पर्यवसान स्तुतीत. मात्र मातेच्या निंदेत एक जादा गोष्ट आहे, ती म्हणजे लपवणूक. एकत्र कुटुंबात सासू-सासऱ्यांसमोर स्वतःच्या मुलाचे कौतुक करणे सुनेला शोभत नसे. चारचौघांत ‘गोरंगोमटं’ म्हटले तर दृष्ट लागण्याचे भय. अशा वेळी ‘माझं मेलं काळंबेंद्रं’ म्हणून त्याला पोटाशी धरणे, हा कौतुकाचा एकमेव मोकळा मार्ग होता. गालावर काजळाचा तीट लावणे आणि तोंडाने नाव ठेवणे या एकाच कृतीच्या दोन बाजू होत.

या लपवणुकीचे टोक नामकरणात दिसते. मराठवाडा-खानदेशात दगडू, धोंडू, केरू, कचरू, उकिरडा ही नावे आजही जुन्या पिढीत आढळतात. आधीची मुले दगावलेल्या घरी असे नाव ठेवीत. क्वचित मूल उकिरड्यावर ठेवून दुसऱ्या बाईकडून मूठभर धान्याला ‘विकत’ घेत. मृत्यूला फसविण्याचा हा खेळ आहे: ‘ही वस्तू टाकाऊ आहे, तुझ्या कामाची नाही.’ खेळणाऱ्या आईचे काळीज धडधडत असते, तरी रूप थट्टेचेच. म्हणूनच मातृविनोदाला निखळ हास्यरसात बसविता येत नाही. विश्वनाथाने ‘साहित्यदर्पणा’त वत्सलरस मान्य केला, त्याचा स्थायिभाव वात्सल्य, हास्य तेथे संचार करून जाते आणि भय तळाशी असते. भरताने हास्यरस बहुधा स्त्रिया व नीच प्रकृती यांच्या ठायी दिसतो असे नमूद केले आहे. या विधानातील अवहेलना बाजूला ठेवली तरी निरीक्षण उरतेच, आणि पुढील परंपरेने त्याचा पाठपुरावा केला नाही याचे नवल वाटते.

विनोदाचे लक्ष्य नेहमी मूलच असते असे नाही. चिऊ-काऊची गोष्ट पाहावी. काऊचे शेणाचे घर पावसात वाहून जाते, तो चिऊच्या मेणाच्या घराचे दार ठोठावतो आणि चिऊ बाळाला न्हाऊमाखू घालण्यापासून झोपविण्यापर्यंतची कामे सांगत त्याला बाहेर तिष्ठत ठेवते. मूल हसते ते काऊच्या फजितीला. सांगणारी मात्र स्वतःचाच दिवस सांगत असते. न संपणारी कामे हीच तिची कथनयुक्ती बनते. कामे किती वाढवावयाची हे घास भरविण्यास लागणाऱ्या वेळावर ठरते. कापूस वेचणीच्या दिवसांत बांधावरच्या झाडाला झोळी बांधून कामाला जुंपलेल्या आईला ही गोष्ट वेगळी समजावून सांगावी लागत नाही.

दशम स्कंधातील यशोदा हीच युक्ती दैवी पातळीवर नेते. दावे प्रत्येक वेळी दोन बोटे अपुरे पडते, ही भागवतातील कल्पना तत्त्वज्ञानाइतकीच घरगुती आहे. श्रीधरांच्या ‘हरिविजया’मुळे ती खेडोपाडी पोहोचली. गाऱ्हाणी घेऊन आलेल्या गवळणींसमोर यशोदा न्यायाधीशही असते आणि आरोपीची आईही. पैठणच्या एकनाथांच्या गौळणींतील हास्याचा मोठा भाग या दुहेरी भूमिकेवर उभा आहे. उलट दिशेने जनाबाई विठ्ठलालाच एकेरीवर येऊन शिव्या देतात. तेथे भक्ताने आईची भाषा उसनी घेतली आहे.

येथे एक सावधगिरी हवी. निंदा दिसली की तिच्यामागे माया असेलच, असे गृहीत धरणे धोक्याचे आहे. ‘नकुशी’ हे नाव वरवर ‘कचरू’च्या जातीचे वाटते, पण कचरू हवा असतो म्हणून टाकाऊ म्हटला जातो, नकुशी नको असते म्हणून नकुशी. २०११ साली सातारा जिल्ह्यात अशा पावणेतीनशेहून अधिक मुलींची नावे समारंभपूर्वक बदलण्यात आली. लोकसाहित्य शिकविताना या दोन्ही नावांना ‘ग्रामीण प्रथा’ या एका मथळ्याखाली घातले, तर विनोदही कळत नाही आणि क्रौर्यही.

हा भेद शब्दांत नसतो, तो उच्चारात असतो. छापील संकलनात नेमका तोच गळतो. हेमा राइरकर व गी प्वातवाँ यांच्या जात्यावरील ओव्यांच्या प्रकल्पात लाखाहून अधिक ओव्या गायिकेचे नाव व गाव यांसह नोंदल्या गेल्या आणि पुष्कळशा ध्वनिमुद्रितही झाल्या. सोयगावकडील म्हाताऱ्या बायांकडून काही उतरवून घेणाऱ्या विद्यार्थ्याने वहीत ‘मेल्या’ हा शब्द लिहिताना समोर कोण होते हेही लिहावे: मांडीवरचे नातवंड, शिकून शहरात गेलेला लेक, की दारात उशिरा आलेला नवरा.