कडाकरपा: बांधीपासून प्रयोगशाळेपर्यंत, आणि परत

भाद्रपद लागला, पाऊस जरा उघडला की अर्जुनी मोरगाव, सडक अर्जुनी, गोरेगाव, आमगाव या पट्ट्यात धानपीक गर्भावर येऊ लागते. नेमक्या याच दिवसांत काही बांध्यांमध्ये पानांच्या कडा शेंड्याकडून खाली पिवळ्या पडत जातात. आधी पाणी मुरल्यासारखा ओलसर पट्टा, मग पिवळा, मग वाळलेल्या तणसाचा रंग. पट्ट्याची आतली बाजू सरळ नसते, नागमोडी असते. मध्येच वादळी पाऊस झाला की काही दिवसांत तोच रंग शेजारच्या बांधीत दिसू लागतो. याला आपल्याकडे कडाकरपा म्हणतात. ‘करपा’ म्हटले की कृषी केंद्रातून बुरशीनाशक आणायचे आणि फवारायचे, ही बऱ्याच ठिकाणची रीत. पण कडाकरपा बुरशीमुळे होत नाही, जिवाणूमुळे होतो. बुरशीनाशकाचा खर्च आणि फवारणीची मजुरी, दोन्ही वाया जाते.

खात्री घरच्या घरी करता येते. रोगट पानाचा असा तुकडा कापायचा की त्यात हिरवा आणि पिवळा दोन्ही भाग येतील. काचेच्या ग्लासात स्वच्छ पाणी घेऊन तुकड्याचे कापलेले टोक त्यात बुडवायचे आणि ग्लास उजेडाकडे धरायचा. जिवाणू असतील तर काही मिनिटांत कापलेल्या टोकातून दुधट धागा पाण्यात उतरू लागतो. थोडा वेळ ठेवला तर पाणी गढूळ होते. त्या धाग्यात लाखो जिवाणू असतात. बुरशीच्या करप्यात असा धागा निघत नाही. सूक्ष्मदर्शक नाही, रसायन नाही, आणि तरीही निदान बऱ्यापैकी पक्के.

या जिवाणूचे नाव झँथोमोनास ओरायझी. वनस्पतींना छळणाऱ्या जिवाणूंपैकी जगात सर्वाधिक महत्त्वाचे कोणते, अशी पाहणी संशोधकांमध्ये २०१२ साली झाली, तेव्हा हा चौथ्या क्रमांकावर आला. त्याच्या जनुकांवर, प्रथिनांवर आणि धानाच्या पेशीत शिरून तो काय करतो यावर गेल्या तीस-चाळीस वर्षांत विपुल लेखन झाले आहे. जनुकशास्त्रातले काही फार सुंदर शोध याच रोगाच्या अभ्यासातून लागले. ज्या पिकावर गोंदिया जिल्हा जगतो, त्याच पिकाच्या रोगाचे हे ज्ञान आहे. म्हणून ते इथल्या वाचकाला माहीत असायला हवे, असे मला मनापासून वाटते.

या रोगाची पहिली नोंद जपानमधली. फुकुओका भागातल्या शेतकऱ्यांनी १८८४च्या सुमारास तो पाहिला आणि बरीच वर्षे आम्लधर्मी मातीला दोष दिला गेला. जिवाणूचा हात उघडा पडायला विसावे शतक उजाडले. भारतातली पहिली नोंद आपल्याच राज्यातली, १९५१ सालची, तेव्हाच्या कुलाबा म्हणजे आजच्या रायगड जिल्ह्यातली. श्रीनिवासन, तिरुमलाचार आणि पटेल या तिघांनी १९५९ साली ती ‘करंट सायन्स’मध्ये प्रसिद्ध केली. यातले एम. के. पटेल हे पुण्याच्या कृषी महाविद्यालयात वनस्पतींच्या जिवाणूंवर आयुष्यभर काम केलेले नाव. तिरुमलाचार पुढे पिंपरीच्या हिंदुस्थान अँटिबायोटिक्समधल्या संशोधनासाठी ओळखले गेले. १९६३ मध्ये बिहारच्या शाहाबाद जिल्ह्यात या रोगाची मोठी साथ आली. त्यानंतर भरघोस उत्पादनाचे, युरियाला भरभरून प्रतिसाद देणारे वाण देशभर पसरले आणि त्यांच्यासोबत कडाकरपाही.

रोग कडेलाच का दिसतो? पहाटे बांधीवर गेलात तर धानाच्या पानाच्या टोकाला आणि कडेला पाण्याचे थेंब दिसतात. त्यातले सगळेच दव नसते. मुळांनी ओढलेले जादा पाणी पानाच्या कडेच्या सूक्ष्म छिद्रांतून बाहेर पडते. रात्री आलेला हा थेंब कधी कधी परत आत ओढला जातो आणि त्या थेंबात पोहणारा जिवाणू त्याच्यासोबत आत जातो. दुसरा रस्ता जखमेचा. वाऱ्याने पाने एकमेकांवर घासली, रोवणीच्या वेळी पऱ्ह्यांची मुळे तुटली, शेंडे छाटले की दार उघडलेच. आत गेल्यावर हा जिवाणू पाणी वाहणाऱ्या नलिकांत राहतो, तिथेच वाढतो आणि चिकट बहुशर्करा सोडून त्या नलिका तुंबवतो. ग्लासातला दुधट धागा हा याच मिश्रणाचा. (याच कुळातल्या कोबीवरच्या जिवाणूची बहुशर्करा ‘झँथन गम’ नावाने सॉस आणि आइस्क्रीममध्ये वापरली जाते. आपल्या ताटात ती अनेकदा येऊन गेलेली असते.)

पण पाण्याच्या नलिकेत खायला फारसे काही नसते. मग लाखोंची ही प्रजा पोसते कशी? या एका प्रश्नाने जनुकशास्त्राला मोठे घबाड दिले.

जिवाणूच्या अंगावर सुईसारखी एक रचना असते. तिच्यातून तो स्वतःची काही प्रथिने थेट धानाच्या पेशीत सोडतो. त्यातल्या एका गटाला ‘टाल’ प्रथिने म्हणतात. पेशीत शिरलेले टाल प्रथिन तिच्या केंद्रकात जाते, धानाच्या डीएनएवर एक ठरावीक जागा शोधून तिथे बसते आणि पुढचे जनुक चालू करते. म्हणजे जनुक धानाचे, पेशी धानाची, आणि चालू-बंदचा हुकूम जिवाणूचा. ज्यांना हुकूम जातो त्यांत ‘स्वीट’ नावाची जनुके प्रमुख आहेत. त्यांच्यापासून बनणारी प्रथिने पेशीच्या आवरणात बसतात आणि साखर बाहेर जाऊ देतात. हे जनुक नको तिथे चालू झाले की पानाच्या पेशी आपली साखर बाहेर सोडू लागतात आणि नलिकेतला जिवाणू पोसला जातो.

टाल प्रथिनाला नेमकी जागा सापडते कशी, याचे उत्तर २००९ साली मिळाले. जर्मनीतील हाले विद्यापीठात येन्स बॉख, उल्ला बोनास आणि सहकारी, तर अमेरिकेत मॅथ्यू मॉस्कू आणि अॅडम बोगदानोव्ह, असे दोन गट एकाच वेळी तिथे पोचले. या प्रथिनात साधारण ३४ अमिनो आम्लांचा एकच तुकडा पुन्हा पुन्हा येतो. सगळे तुकडे जवळपास सारखे. फरक फक्त बाराव्या आणि तेराव्या जागेवर. ती जोडी डीएनएचे एक अक्षर ओळखते. अमुक जोडी असेल तर ए, तमुक असेल तर सी. तुकडे ओळीने वाचत गेले की प्रथिन डीएनएवर कुठे बसणार ते कागदावर लिहून दाखवता येते. प्रथिन आणि डीएनए यांचे इतके सरळ नाते तोवर कुणी पाहिले नव्हते.

सरळ नाते कळले, म्हणजे हवे तिथे बसणारे प्रथिन बनवताही येते. त्यातून ‘टॅलेन’ नावाची जनुक कापणारी साधने तयार झाली. २०१५ साली लंडनच्या ग्रेट ऑर्मंड स्ट्रीट रुग्णालयात रक्ताचा कर्करोग झालेल्या एका चिमुकलीला दात्याच्या पेशी टॅलेनने बदलून देण्यात आल्या. इतर उपाय थकले होते, ती वाचली. धानाचे पान करपवणाऱ्या जिवाणूच्या कुळात सापडलेली युक्ती मुलाच्या खाटेपर्यंत पोचली. ही गोष्ट मी पहिल्यांदा वाचली तेव्हा बराच वेळ पुढचे काही वाचू शकलो नव्हतो.

आता धानाची बाजू. आफ्रिकेतल्या माली देशातला एक रानटी धान, ओरायझा लाँगिस्टॅमिनाटा, ओडिशातल्या कटकच्या केंद्रीय भात संशोधन संस्थेत आणला गेला होता. तपासलेल्या कुठल्याच जिवाणूला तो दाद देत नाही, हे तिथे एस. देवदत्त यांच्या लक्षात आले. फिलिपिन्समधल्या आंतरराष्ट्रीय भात संशोधन संस्थेत गुरुदेव खुश यांच्या गटाने हा गुण लागवडीच्या धानात उतरवला. १९९५ मध्ये कॅलिफोर्नियात पामेला रोनाल्ड यांच्या प्रयोगशाळेने त्यामागचे जनुक वेगळे केले. त्याचे नाव एक्सए-२१. त्याचे प्रथिन पेशीच्या दारावरचा राखणदार आहे: अर्धे बाहेर, अर्धे आत, बाहेरच्या भागाला जिवाणूची चाहूल लागली की आतला भाग पेशीला जागे करतो. पुढच्या काही वर्षांत माशी, उंदीर आणि माणूस यांच्यातही जिवाणू ओळखणारी अशीच प्रथिने सापडली. त्या प्राण्यांवरच्या कामाला २०११चे नोबेल मिळाले.

राखणदार सापडला, पण तो जिवाणूचे नेमके काय ओळखतो? रोनाल्ड यांच्या गटाने २००९ साली ‘सायन्स’मध्ये उत्तर छापले. प्रयोगशाळेत नवे आलेले तरुण संशोधक तो प्रयोग पुन्हा करू लागले आणि जमेना. शोध घेतला तेव्हा साठवणीतल्या जिवाणूंच्या नळ्यांत अदलाबदल झाल्याचे उघड झाले. रोनाल्ड यांनी ते जगाला सांगितले आणि २०१३ मध्ये आपले दोन शोधनिबंध मागे घेतले. मग रोरी प्रुइट, बेंजामिन श्वेसिंगर आणि सहकाऱ्यांनी पहिल्यापासून सुरुवात करून २०१५ साली खरे उत्तर मिळवले: ‘रॅक्सएक्स’ नावाचे एक छोटे प्रथिन. ते धानाच्या स्वतःच्या एका वाढसंप्रेरकाची नक्कल करते, आणि एक्सए-२१ ती नक्कल पकडते. विज्ञानाच्या वाङ्मयावर विश्वास का ठेवावा, असे कुणी विचारले तर मी हीच हकीकत सांगतो. छापलेले मागे घ्यायला मोठे धैर्य लागते.

भारतातले काम यात मागे नाही. हैदराबादच्या पेशी व रेणवीय जीवशास्त्र केंद्रात रमेश सोंटी यांच्या गटाने हा जिवाणू वर्षानुवर्षे अभ्यासला. तो धानाच्या पेशीभित्ती विरघळवायला जी विकरे सोडतो, त्यांपैकी ‘लिपए’ या विकराची त्रिमितीय रचना त्यांनी आणि आर. शंकरनारायणन यांच्या गटाने २००९ मध्ये दाखवली. पेशीभित्ती तुटल्याची खूण मिळताच धान सावध होऊन प्रतिकार सुरू करतो, हेही याच कामातून पुढे आले. आणि मुख्य म्हणजे हे ज्ञान कागदावर राहिले नाही. या केंद्राने हैदराबादच्याच भात संशोधन संचालनालयासोबत सांबा मसुरी या लोकप्रिय वाणात एक्सए-२१, एक्सए-१३ आणि एक्सए-५ ही तीन जनुके आणली. २००८ साली ‘सुधारित सांबा मसुरी’ प्रसारित झाला. त्याआधीच्या वर्षी दिल्लीच्या भारतीय कृषी संशोधन संस्थेने बासमतीत दोन जनुके आणून ‘सुधारित पुसा बासमती १’ दिला होता.

यातले एक्सए-१३ मला सर्वांत विचार करायला लावते. ते वेगळे जनुक नाहीच, स्वीट-११ या साखरेच्या जनुकाचेच बदललेले रूप आहे. हे जनुक काढून टाकता येत नाही, कारण परागकण बनायला ते लागते. ते बंद पडले तर धान वांझ राहते. जिवाणूने बरोबर अशीच जागा हेरली आहे जी धानाला सोडता येत नाही. पण एक्सए-१३ मध्ये जनुक शाबूत आहे. त्याच्या अलीकडची, टाल प्रथिन जिथे बसते ती अक्षरे तेवढी बदलली आहेत. हुकूम पोचत नाही, साखर बाहेर येत नाही. २०१९ साली आंतरराष्ट्रीय गटांनी जनुकसंपादनाने तीन स्वीट जनुकांच्या अलीकडची अक्षरे बदलून एकाच धानात अनेक जिवाणूंचा रस्ता अडवला.

सुधारित सांबा मसुरीत मात्र जनुकसंपादन नाही, परके जनुक टोचलेले नाही. साधा परागसंकर, आणि प्रत्येक पिढीत रोपाच्या पानातला डीएनए तपासून हवी ती जनुके आलेली रोपे ठेवायची. मूळ वाणाशी पुन्हा पुन्हा संकर केल्यामुळे दाणा आणि चव तीच राहते. तीन जनुके एकत्र का, तर एकट्या जनुकाला जिवाणू आपले प्रथिन बदलून चकवू शकतो. तिन्हींना एकदम चकवणे त्याला फार अवघड जाते.

फवारणीच्या उपायाची मर्यादाही इथेच कळते. कडाकरप्यावर तांब्याच्या औषधासोबत स्ट्रेप्टोसायक्लिन सुचवले जात आले आहे. ते पिंपरीच्या हिंदुस्थान अँटिबायोटिक्सचेच उत्पादन. त्यातले स्ट्रेप्टोमायसिन माणसाच्या क्षयावरही वापरतात. ते जिवाणूच्या प्रथिन बनवणाऱ्या यंत्रणेवर घाव घालते, पण त्या यंत्रणेतल्या एका प्रथिनात एखादे अमिनो आम्ल बदलले की औषध निष्प्रभ होते. शेतात जेवढे वापरू तेवढी अशा बदललेल्या जिवाणूंची निवड होत जाते. २०२१च्या डिसेंबरात केंद्र सरकारने स्ट्रेप्टोसायक्लिनच्या शेतीतील वापरावर बंदी आणण्याच्या दिशेने पाऊल टाकले, ते याच काळजीने.

झाडीपट्टीत वाण निवडण्याची परंपरा जुनी आहे. शेजारच्या चंद्रपूर जिल्ह्यातल्या नांदेड गावच्या दादाजी खोब्रागडे यांनी १९८३ मध्ये आपल्या बांधीतल्या काही वेगळ्या लोंब्या बाजूला काढल्या आणि त्यातून एचएमटी उभा राहिला. इथला शेतकरी दाणा, चव, भाताचा मऊपणा आणि बाजारातला भाव पाहून वाण धरतो. हैदराबादचा वाण कितीही चांगला असला तरी तो जसाच्या तसा इथे रुजेल असे नाही. म्हणून अकोल्याच्या डॉ. पंजाबराव देशमुख कृषी विद्यापीठाकडे, आणि साकोली व सिंदेवाही इथल्या त्याच्या संशोधन केंद्रांकडे, मागणी हवी ती ही: गोंदिया-भंडाऱ्याच्या शेतकऱ्यांनी धरलेल्या वाणांत ही तीन जनुके उतरवा आणि ते बियाणे वेळेवर, पुरेसे उपलब्ध करा. पद्धत परकी नाही, गुपित नाही, आणि आपल्याच देशात सिद्ध झालेली आहे.

तोवर शेतकरी बंधू-भगिनींना एवढीच विनंती. पऱ्ह्यांचे शेंडे छाटू नका. युरिया एकदम न देता विभागून द्या आणि रोग दिसताच तो थांबवा. रोगट बांधीचे पाणी शेजारच्या बांधीत सोडू नका. धुऱ्यावरचे गवत आणि जुने धसकट काढा, कारण उन्हाळी धान घेणाऱ्या भागात जिवाणूला वर्षातला बराच काळ हिरवे पान मिळते. आणि कृषी केंद्राची पायरी चढण्याआधी पानाचा तुकडा पाण्याच्या ग्लासात धरून पाहा. दुधट धागा उतरला, तर बुरशीनाशकाचे पैसे खिशातच ठेवा आणि कृषी सहायकाला बांधीवर बोलवा.