रेव्हरंड टिळकांचा दरबार

धर्मांतर केलेला मनुष्य आपल्या समाजाला अंतरतो आणि नव्या धर्माचा बाह्य थाट परकी असला म्हणजे हळूहळू स्वतःच्या भाषेलाही पारखा होतो, अशी जी समजूत एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस महाराष्ट्रात दृढमूल झाली होती, ती रेव्हरंड नारायण वामन टिळक यांनी आपल्या आचरणाने खोटी पाडली.

रत्नागिरी जिल्ह्यातील करजगावी १८६१ साली एका ब्राह्मण कुटुंबात जन्मलेल्या, नोकरीच्या निमित्ताने गावोगाव हिंडलेल्या आणि कीर्तनात व काव्यात रमलेल्या या पुरुषाला, नागपूरहून राजनांदगावास जाताना, आगगाडीत एका युरोपियन सहप्रवाशाने नवा करार वाचावयास दिला. त्यातील गिरिप्रवचनाने त्यांच्या चित्ताचा असा ठाव घेतला की, दीर्घ अंतःकलहानंतर १० फेब्रुवारी १८९५ रोजी त्यांनी मुंबईस बाप्तिस्मा घेतला. या निर्णयाची जबर किंमत पत्नी लक्ष्मीबाईंनाही मोजावी लागली. पतिपत्नींची काही वर्षे ताटातूट झाली आणि १९०० साली लक्ष्मीबाईंनी स्वतः विचारपूर्वक ख्रिस्ती धर्म स्वीकारला. त्या साऱ्या काळाचे निर्मळ चित्र त्यांच्या 'स्मृतिचित्रे' या आत्मचरित्रात वाचावयास मिळते.

१९०४ साली टिळकांना पाळकपदाची दीक्षा मिळाली. अहमदनगरच्या अमेरिकन मराठी मिशनचे सेवक म्हणून त्यांना रुळलेल्या वहिवाटीने चालता आले असते. परंतु इंग्रजी गीतांची भाषांतरे परक्या चालींवर म्हणणाऱ्या मंडळीच्या हाती त्यांनी अभंग, पदे व भजने दिली, येशूचे चरित्र कीर्तनाच्या रंगात उभे केले आणि तुकोबांच्या सेतूवरूनच आपण ख्रिस्तचरणांपाशी पोहोचलो, असे ते उघडपणे सांगत राहिले. 'ज्ञानोदय' या ख्रिस्ती नियतकालिकातून त्यांची लेखणी चालू होतीच. शिवाय फुलांचा आणि मुलांचा हा कवी नव्या कवींचा आश्रयदाताही होता. त्र्यंबक बापूजी ठोमरे, म्हणजे आपले बालकवी, यांना या ख्रिस्ती घराने मुलाप्रमाणे सांभाळले.

त्यांच्या स्वतंत्र वृत्तीचा खरा कस लागला तो १९१७ साली. मिशनचा पगार आणि त्यासोबत येणारी सुरक्षितता यांचा त्याग करून त्यांनी संन्यस्त वृत्ती पत्करली आणि साताऱ्यास 'देवाचा दरबार' स्थापन केला. बाप्तिस्मा घेतलेले आणि न घेतलेले, असे दोन्ही प्रकारचे ख्रिस्तभक्त या दरबारात बंधुभावाने एकत्र यावेत, अशी त्यांची कल्पना होती. चर्चच्या दप्तरात नाव नसलेल्यालाही ख्रिस्ताचा शिष्य मानणे, ही गोष्ट त्या काळी एका दीक्षित पाळकाने करणे हे असामान्य धैर्याचे लक्षण होय. आयुष्याने मात्र साथ दिली नाही. ९ मे १९१९ रोजी मुंबईस त्यांचे देहावसान झाले आणि दरबाराचे स्वप्न अपुरे राहिले.

'ख्रिस्तायन' हे त्यांचे महाकाव्यही अपुरेच राहिले होते. परंतु लग्नाच्या वेळी जिला अक्षरओळखही नव्हती, त्या लक्ष्मीबाईंनी पुढे अनेक अध्याय रचून ते सिद्धीस नेले. टिळकांनी धर्म बदलला, परंतु देश, भाषा आणि संतांचा वारसा यांतील एकाचाही राजीनामा दिला नाही. मराठी ख्रिस्ती मंडळी आजही त्यांचीच भजने गाऊन उपासना करतात, आणि त्यांच्या कार्याची याहून मोठी पावती दुसरी नाही.